पाळकांकरिता

माझी आई तीन वर्षे सिंगापूरच्या एका चर्चमध्ये नोकरीला होती, आणि त्या तीन वर्षांत ती जेवढी सरकारी होती तेवढी पुण्यात खरोखरच्या सरकारी खिडकीत बसत असतानाही नव्हती. खिडकी म्हणजे जन्म-मृत्यू नोंदणीची. तिथे तिने अकरा वर्षे काढली होती. मग बाबांना अलेक्झांड्रा भागातल्या एका कंपनीत सॉफ्टवेअरचे काम मिळाले, त्यांचा एम्प्लॉयमेंट पास झाला आणि आम्ही चौघे क्वीन्सटाउनला नवव्या मजल्यावरच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहायला आलो. चौघे म्हणजे आई, बाबा, मी आणि माझ्याहून सात वर्षांनी लहान ओंकार. मी तेव्हा चौदा वर्षांची होते.

त्या फ्लॅटची आठवण मला आधी कानांनी येते. शेजारच्या मॅडम टान यांच्याकडे दुपारी चार बायका माहजाँग खेळायला बसत. सोंगट्या टेबलावर कालवल्या जात तो आवाज पहिल्या महिन्यात आम्हाला कुणीतरी फरशा फोडत असल्यासारखा वाटे, दुसऱ्या महिन्यापासून तो आला नाही तर आई म्हणे, "आज बरं नाही वाटतं कुणाला." खालून रद्दीवाल्याचा भोंगा, दर काही मिनिटांनी एमआरटीची, म्हणजे मेट्रोची, पुलावरून जाणारी सळसळ, आणि संध्याकाळी सगळ्या मजल्यांवरून एकदम येणारा लसूण परतल्याचा वास. आमची आमटी त्यात भर घाली. फोडणीचा ठसका कॉरिडॉरमध्ये गेला की मॅडम टान दोनदा शिंकत आणि दार उघडून विचारत, "मिसेस बर्वे, टुडे वॉट कुकिंग?" आई वाटीभर नेऊन देई. वाटी कधी रिकामी परत येत नसे. उकडलेली रताळी, पपई, एकदा अख्खे, उग्र वासाचे डुरियन. ते बाबांनी तासाभरात खालच्या मजल्यावरच्या कुटुंबाला भेट दिले.

आई घरात रमत नव्हती. तसे ती बोलून दाखवत नसे, पण लक्षणे दिसत. पहिल्या वर्षी तिने भांड्यांची यादी केली. दुसऱ्या वर्षी पुस्तकांची. मग फ्रिजच्या दारावर एक वही लटकली. तिच्यात घरात येणाऱ्या आणि घरातून जाणाऱ्या पत्रांची आवक-जावक नोंद होऊ लागली. विजेचे बिल आले, आवक क्रमांक चौदा. ओंकारच्या शाळेला चिठ्ठी गेली, जावक क्रमांक सहा.

"उषा, हे घर आहे, वॉर्ड ऑफिस नाही," बाबा म्हणाले.

"माहितीय. वॉर्ड ऑफिसात दुपारी चहा मिळायचा."

नोकरीची बातमी बाबांनीच आणली. त्यांच्या ऑफिसात उत्तर युरोपातला एक माणूस होता. त्या देशाचे नाव मी मुद्दाम लिहीत नाही. सिंगापुरात तिथली माणसे मोजकी आहेत आणि लगेच ओळखू येतील. त्या देशाला एक राष्ट्रीय चर्च होते. राजा त्याचा प्रमुख, बिशप नेमायचे सरकारने, कायदे करायचे संसदेने. आणि देशात जन्मलेल्या, लग्न झालेल्या, वारलेल्या प्रत्येक माणसाची नोंद ठेवायची गावोगावच्या चर्चने, सरकारच्या वतीने. जहाजांवर काम करणारी त्यांची माणसे जगभर विखुरलेली, म्हणून मोठ्या बंदरांत त्या चर्चच्या शाखा. आमच्याकडची शाखा हार्बरजवळच्या टेकडीवर होती. तिला कार्यालयात इंग्रजी टायपिंग येणारे कुणीतरी हवे होते.

मुलाखतीला आई मला बरोबर घेऊन गेली, कारण बस कुठे बदलायची ते मला माहीत होते. पाळक आंद्रेआस यांनी दार उघडले. सहा फूट चार इंच उंची, पायात सपाता, अंगात पीठ लागलेला एप्रन. मराठी ख्रिस्ती लोक पाळक म्हणतात, तोच शब्द आईने पहिल्या दिवसापासून धरला; फादर म्हटलेले त्यांना चालत नसे, कारण ते प्रोटेस्टंट होते आणि त्यांना चार मुले होती. त्यांनी आम्हाला हृदयाच्या आकाराची वाफल खायला दिली, वर आंबटगोड जॅम. मग आईला काम समजावे म्हणून नोंदवही उघडली. मोठी, कापडी बांधणीची. प्रत्येक नोंद दोन पानांवर पसरलेली. डावे पान सरकारचे : मुलाचे नाव, जन्म, आई, वडील. उजवे पान चर्चचे : बाप्तिस्म्याची तारीख, पाळक, धर्मपालक म्हणजे गॉडफादर-गॉडमदर. आई पंधरा मिनिटे नोंदी वाचत होती. पाने उलटत राहिली. मग चष्मा काढून म्हणाली, "सर, क्रमांक एकशे बारा दोनदा आहे."

पाळकांनी पाहिले. खरेच होते.

"तुम्ही सोमवारपासून येऊ शकाल का?" ते म्हणाले.

घरी आल्यावर तिने बाबांना सगळे सविस्तर सांगितले. त्या देशात पाळकांना सरकारी वेतनश्रेणी असते, रजा सरकारी नियमांनी मिळते आणि निवृत्तिवेतनही असते, हे सांगताना तिचा आवाज मऊ झाला होता. "म्हणजे हा माणूस क्लास वन ऑफिसर आहे," ती म्हणाली.

"क्लास वन कसला? तलाठी आहे, क्रॉसवाला," बाबा म्हणाले.

मराठी मंडळात मात्र ही बातमी वेगळ्या वाटेने पोचली. मंडळाचे कार्यवाह दातारकाका बँकेत होते, बुकित तिमाहला राहत, आणि गणपतीच्या परवानग्या काढण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता. कोणत्या हॉलला कोणता अर्ज, मूर्ती किती फूट, आवाज किती वाजेपर्यंत, मिरवणूक म्हणायचे की नुसते 'मूर्तीचे स्थलांतर' म्हणायचे, सगळे त्यांना पाठ. कोजागरीच्या दुधाला सगळे जमले होते तेव्हा त्यांनी पेला वर करून आईला गाठले.

"काय वहिनी, चर्चात लागलात म्हणे? आता पुढच्या गणपतीला मोदक आणणार की केक?"

"मोदकच. पण तुमच्या अर्जात यंदा दोन चुका होत्या म्हणून परत आला ना? मला दाखवत जा आधी."

काकांनी दूध संपवले. पुढच्या वर्षीपासून अर्ज आईकडे तपासायला येऊ लागले आणि मोदक-केक हा विषय मिटला. दातारकाका मूळचे सज्जन होते. त्यांचा सिद्धांत असा की देव आणि सरकार यांचा संबंध सिंगापूरसारखा असावा : देवाने अर्ज करायचा, सरकारने अटी घालायच्या, दोघांनी एकमेकांशी नम्रपणे वागायचे. पुढे बातमीदारी करताना या विषयावर मी बरीच व्याख्याने ऐकली. काकांच्या मांडणीत फारशी भर पडली नाही.

मी शाळेतून परस्पर चर्चमध्ये जाऊन वाचनालयात अभ्यास करत असे. तिथे थंडगार एसी होता, भिंतीवर राजाराणीचे चित्र होते आणि जहाजावरून उतरलेली, उन्हाने लाल झालेली माणसे आठवड्याभरापूर्वीची वर्तमानपत्रे वाचत बसलेली असत. प्रार्थनेला त्यातले फार थोडे येत. बहुतेक वाफल, घरून आलेली पत्रे आणि दाखले यांसाठी येत. निवडणूक आली की मतदानही तिथेच होई. मतपेटी बाप्तिस्म्याच्या दगडी कुंडाशेजारी ठेवत. आई त्या माणसांना दाखले देई. शिक्का गोल, सही निळ्या शाईत, दुरुस्ती लाल शाईत आणि तिच्यासमोर आद्याक्षरे. तिच्या येण्याआधी पाळक पेन्सिलने खोडून लिहीत. ते तिने पहिल्या आठवड्यात बंद केले. "नोंद खोडायची नसते," तिने त्यांना सांगितले. "रेघ मारायची, वर लिहायचं, शेजारी शेरा मारायचा. जुनं वाचता आलं पाहिजे." दुसरी शिस्त म्हणजे रकाना कोरा सोडायचा नाही. माहिती नसेल तर पुण्यात 'निरंक' लिहीत. इथे ती 'निल' लिही.

दुसऱ्या वर्षाच्या शेवटी पाळकांनी एका दुपारी आम्हा दोघींना दुसऱ्यांदा वाफल वाढली, तेव्हाच काहीतरी झाले आहे हे कळायला हवे होते.

"मिसेस बर्वे, संसदेने कायदा केला. पुढचे वर्ष संपले की चर्च आणि सरकार वेगळे. राजेसाहेब आणि मी आता एका ऑफिसात नसू."

"आणि पेन्शन?" आईने विचारले.

"आतापर्यंतची सुरक्षित आहे."

"मग ठीक. आणि नोंदी?"

"नोंदी सरकारकडे जातील. इथल्या दूतावासाकडे. आम्ही फक्त बाप्तिस्मे लिहू."

पाळकांना ते मनापासून पटले होते. श्रद्धेवर सरकारी शिक्का नको, असे ते म्हणत. आईला ते मुळीच पटले नाही. त्या रात्री जेवताना ती म्हणाली, "श्रद्धेचं मला माहीत नाही. पण ब्राझीलहून जहाज येतं, माणसाला तीन तास मिळतात, त्यात त्याला दाखला हवा असतो. दूतावास दुपारी एकला बंद होतो."

"सेपरेशन इज बेटर, लाह," ओंकार म्हणाला. त्याला नुकताच शाळेत काहीतरी धडा झाला होता. "एव्हरीबडी सेम-सेम."

"तू आधी भेंडी खा," आई म्हणाली.

त्यानंतरच्या जुलैमध्ये पाळक महिनाभराच्या रजेवर मायदेशी गेले. बदली पाळक आला नाही, म्हणून रविवारची उपासना महिनाभर बंद होती. कार्यालय आईकडे होते. त्या महिन्यात एक दिवस मे-लिंग आणि तिचा माणूस तिथे आले. मे-लिंग मलेशियातल्या जोहोर बारूला राहायची, रोज सकाळी खाडीवरचा कॉजवे ओलांडून सिंगापुरात एका सलूनमध्ये केस कापायच्या कामाला यायची. माणूस पाळकांच्या देशाचा, जहाजावर इंजिनियर, पन्नाशीचा, फार न बोलणारा. लग्न झालेले नव्हते. कागदपत्रे जमेपर्यंत मूलच आधी आले. जोहोरच्या दाखल्यावर आई-वडिलांचे लग्न नसेल तर वडिलांच्या रकान्यात रेघ येते, तशी ती आली होती. त्याला आपल्या देशाच्या वहीत कबुली द्यायची होती की हा माझा मुलगा. तसे करायची सोय कायद्यात होती, नोंदणी करणाऱ्या अधिकाऱ्यापुढे सही करायची. पण तो दुसऱ्याच दिवशी जहाजावर चढणार होता.

"पाळक नाहीत. महिनाअखेरीस येतील," आई म्हणाली.

"आंटी, टुमॉरो हिज शिप गो. टुडे कॅन ऑर नॉट?" मे-लिंगने विचारले. बाळ तिच्या खांद्यावर झोपले होते.

आईने बाळ किती दिवसांचे ते विचारले. बारा दिवसांचे होते. "आमच्यात बाराव्या दिवशीच नाव ठेवतात," ती म्हणाली, आणि वही काढली. डावे पान तिने पूर्ण भरले. त्या माणसाने तिच्यासमोर सही केली. हात एवढा मोठा की पेन दिसत नव्हते. मग आईने उजव्या पानाकडे पाहिले. बाप्तिस्म्याची तारीख : निल. पाळक : निल. धर्मपालक : निल. आणि खाली अधिकाऱ्याच्या सहीच्या जागी तिने अकरा वर्षे जे केले तेच केले. साहेब रजेवर असले की पुण्यातल्या प्रत्येक कार्यालयातून कागद बाहेर पडतात ते 'करिता' सहीने : आयुक्तांकरिता, निबंधकांकरिता. तिने लिहिले, 'फॉर पास्टर', आणि खाली सही केली, यू. बर्वे.

मे-लिंगने पिशवीतून लाल रंगवलेली चार अंडी काढून टेबलावर ठेवली. त्यांच्यात ती मूल महिन्याचे झाल्यावर वाटतात. तिने माणूस जाणार म्हणून आधीच केली होती. आईने अंडी घरी आणली. बाबांनी त्यांची करी केली, कारण आई अंड्याला हात लावत नसे.

पाळक परत आले, ढिगातल्या कागदांवर न वाचता सह्या करून मोकळे झाले. ऑक्टोबरात तो इंजिनियर दक्षिण अमेरिकेच्या एका बंदरात, इंजिनरूमच्या जिन्यावर, हृदयविकाराने गेला. नोव्हेंबरात मे-लिंग चर्चमध्ये आली. रडून झाले होते. तिला त्या नोंदीचा दाखला हवा होता. आई वही घेऊन पाळकांच्या खोलीत सहीसाठी गेली, आणि तेव्हा पहिल्यांदा त्यांनी ते पान पाहिले.

मी बाहेरच्या बाकावर होते, दार उघडे होते.  मग पाळक अतिशय हळू म्हणाले, "मिसेस बर्वे, माझ्याकरिता सही करण्याचा अधिकार फक्त दुसऱ्या पाळकाला असतो. दीक्षा घेतलेल्या."

"डाव्या पानालासुद्धा?"

"आम्ही पाने कधी वेगळी केलीच नव्हती. मूल आणायचे, बाप्तिस्मा द्यायचा, दोन्ही पाने एकदम भरायची. दोनशे वर्षे तसेच चालले आहे."

ते चिडले नाहीत. चिडले असते तर आईला सोपे गेले असते. दाखल्यावर सही करायला मात्र त्यांना धीर होईना. डिसेंबरात चर्चच्या मुख्यालयातून डीन, म्हणजे पाळकांचे वरिष्ठ, येणार होते, नोंदवह्या दूतावासाला सोपवायला; त्यांना विचारू, असे ठरले. मे-लिंगला आईने बाहेर येऊन तसे सांगितले.

"आंटी, पासपोर्ट आय डोन्ट नीड," मे-लिंग म्हणाली. "बट ही केम हिमसेल्फ. ही साइन. समबडी मस्ट हॅव पेपर." ती उठली आणि शांतपणे गेली. तिला दोन वाजता गिऱ्हाईक होते.

डीन शनिवारी आले. करडा सूट, उत्तम इंग्रजी, प्रत्येकाशी हात मिळवायची सवय. दूतावासातून एक तरुण अधिकारी आला होता, कपाळावर घाम आणि काखेत नव्या कायद्याची पुस्तिका. आईने सरकारी रिवाजाप्रमाणे कार्यभार हस्तांतराची यादी तयार ठेवली होती : नोंदवह्या सात, शिक्के दोन, किल्ल्या तीन. एकाने वाचायचे, दुसऱ्याने वस्तू पाहून खूण करायची. वाचायला मी होते, कारण त्यानंतर आम्ही दोघी टेक्का मार्केटला भाजी घ्यायला जाणार होतो आणि आईला उशीर नको होता. सहा वह्या सुरळीत पार पडल्या. मधे डीनसाहेबांनी आईचे कौतुक केले. अशा नेटक्या वह्या त्यांनी कुठल्याच बंदरात पाहिल्या नव्हत्या. नव्या, स्वतंत्र चर्चला कार्यालयीन सचिव लागेल, आणि ती जागा आईने घ्यावी अशी पाळकांची शिफारस आहे, आपली हरकत नाही, असेही ते म्हणाले. आईने मान डोलावली. ती खूश झाली की डोलावते तशी, एकदाच. सातवी वही उघडली आणि ते तीन 'निल' समोर आले.

पाळकांनी हकिगत सांगितली. काही लपवले नाही, काही वाढवले नाही.

"प्रश्न सरळ आहे," डीन म्हणाले. "हे चर्चचे पुस्तक आहे. बाप्तिस्मा नाही, पाळकाची सही नाही. ही नोंद झालेलीच नाही. रेघ मारू या, शेजारी चूक असे लिहू या, मिसेस बर्वे सही करतील. माणसाकडून चुका होतात. आपण चर्च आहोत, आपण क्षमा करतो."

"पण डावे पान आता आमचे आहे," दूतावासाचा तरुण म्हणाला. त्याने पुस्तिका उघडली, दोनदा मिटली. "म्हणजे, एक तारखेपासून. सरकारी नोंद म्हणून ती केली असेल तर मला ती घ्यावी लागेल. चर्चची नोंद म्हणून केली असेल तर घेता येणार नाही. वहीवरून मला ते कळत नाही."

"मग त्यांनाच विचारू," डीन म्हणाले. "मिसेस बर्वे, त्या दिवशी तुम्ही कुणाचे काम करत होता?"

ते सौम्यपणे बोलत होते आणि त्यांनी दार उघडे ठेवले होते, हे मला तेव्हाही कळले. चूक झाली म्हटले की प्रकरण संपणार होते. रेघ, शेरा, क्षमा, आणि सोमवारी नेहमीप्रमाणे कामावर. आईचा हात वहीवर होता. माझ्या हातात यादी होती, आणि मी सातव्या ओळीवर बोट ठेवून बसले होते.

"पाळक रजेवर होते," आई म्हणाली. तिचे इंग्रजी अशा वेळी फार स्वच्छ होई. "महिनाभर उपासना झाली नाही. चर्च बंद होतं. ऑफिस उघडं होतं. तो माणूस ऑफिसात आला."

"हे तुम्ही आता म्हणता आहात."

आई उठली. कपाटातून जावक फाइल काढली आणि एक कागद काढून टेबलावर ठेवला. जुलैमध्ये तिने दारावर लावलेल्या सूचनेची प्रत. वर जावक क्रमांक, खाली पाळकांची स्वतःची सही, रजेवर जाण्याच्या आदल्या दिवशीची. मजकूर दोन ओळींचा : चर्च महिनाअखेरपर्यंत बंद राहील. कार्यालय दहा ते चार सुरू राहील.

दूतावासाच्या तरुणाने तो कागद दोन्ही हातांनी उचलला. "ही प्रत मला मिळेल?" त्याने विचारले. त्याच्या कपाळावरचा घाम तसाच होता पण तो एकदम पाच वर्षांनी मोठा दिसू लागला.

"पोच द्या, मग मिळेल," आई म्हणाली.

डीन पाळकांकडे पाहत होते. पाळक खिडकीबाहेर पाहत होते, जिथे पाहण्यासारखे एक कंटेनर जहाज होते. "सही माझी आहे," ते म्हणाले. "आणि सूचना बरोबर होती."

"तुम्ही काय सांगता आहात हे तुमच्या लक्षात येते आहे ना, मिसेस बर्वे?" डीन म्हणाले. "पाळकांना न विचारता, सरकारच्या वतीने तुम्ही अधिकार वापरलात. चूक असती तर मला काही म्हणायचे नव्हते. पण सरकारचे काम या इमारतीत एकतीस तारखेला संपते. चर्चला वेगळ्या वृत्तीचे माणूस लागेल."

"हो, लक्षात येतंय," आई म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "वृंदा, वाच पुढे. शिक्के."

मी वाचले. शिक्के दोन. किल्ल्या तीन. सगळ्यांनी सह्या केल्या. दूतावासाच्या तरुणाने तिथेच बसून दाखला लिहिला; वडिलांच्या रकान्यात त्या इंजिनियरचे संपूर्ण नाव, चार शब्दांचे. आईने ते अक्षरन् अक्षर तपासले आणि एक अक्षर दुरुस्त करायला लावले. मे-लिंगला फोन मीच केला. ती सलूनमधूनच बोलत होती, मागे ड्रायर चालू होता. मी सांगितले ते ऐकून ती म्हणाली, "ओके. थँक यू. ओके," आणि फोन तसाच धरून राहिली. ड्रायरचा आवाज बराच वेळ येत होता. तो मुलगा पुढे कुठे वाढला, त्या थंड देशात कधी गेला का, मला माहीत नाही. व्यवसायामुळे शोधणे अवघड नव्हते. मी शोधले नाही.

टेकडी उतरून आम्ही बसस्टॉपवर येऊन उभ्या राहिलो. आईने छत्री उघडली, ऊन फार होते.

"आई, तेव्हा तुला खरंच तसं वाटलं होतं? चर्च बंद, ऑफिस उघडं?"

"छे गं. तेव्हा मला वाटलं, पुण्यासारखंच असेल. साहेब नाहीत, करिता सही करायची. चूकच झाली माझी."

"मग तसं सांगितलं का नाहीस? नोकरी राहिली असती."

"राहिली असती. आणि त्यांनी नोंद खोडली असती." बस येत होती, तिने हात दाखवला. "खोडलेली नोंद घेऊन माणूस खिडकीशी येतो ना, त्याचं तोंड मी अकरा वर्षं पाहिलंय. तुला नाही माहीत ते."

टेक्काला तिने मेथीच्या तीन जुड्या घेतल्या आणि कोथिंबिरीवरून हुज्जत घातली. घरी बाबांना तिने एका वाक्यात सांगितले की जागा बंद होते आहे, सरकारी निर्णय आहे. नव्या वर्षाच्या पहिल्या सोमवारी सकाळी मी उठले तेव्हा तिने सवयीने तिघांचे डबे भरून ओट्यावर ठेवले होते : बाबांचा, ओंकारचा आणि तिचा. माझी सुट्टी होती. दुपारी शेजारी सोंगट्या कालवायला सुरुवात झाली, बरोबर साडेबारा वाजता ती जेवणाच्या टेबलाशी बसली, डबा उघडला, आणि एक पोळी माझ्यापुढे सरकवून म्हणाली, "आज ऑफिसात भाजी जरा खारट झालीय."